दाव्यात तडजोड ठरली, आता पुढे काय? पुरसिशीपासून सातबाऱ्यापर्यंत

बैठकीत मिटले म्हणजे कोर्टात मिटले असे होत नाही. पाहुणेरावळे जमले, गावातल्या चार जाणत्यांनी दोन्ही बाजूंना समजावले, थोरल्याने विहिरीकडचा तुकडा सोडला, धाकट्याने रस्त्याचे कबूल केले आणि सगळे जेवून उठले. दावा मात्र तालुका कोर्टाच्या बोर्डावर तसाच असतो. उद्या कोणी शब्द फिरवला, तर बैठकीतल्या शब्दाला धरून बेलीफ, म्हणजे कोर्टाचा आदेश बजावणारा कर्मचारी, कोणाच्या शेतात जात नाही. त्याला हुकूमनामा, म्हणजे दाव्याच्या निकालाचा कोर्टाचा लेखी आदेश, लागतो.

तडजोडीवरून हुकूमनामा देण्याची तरतूद दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ च्या आदेश २३ नियम ३ मध्ये आहे. तडजोड लेखी हवी, पक्षकारांच्या सह्यांची हवी, कायद्याला धरून हवी आणि ती खरोखर झाली आहे याबद्दल न्यायाधीशांची खात्री पटली पाहिजे. एवढे जमले की कोर्ट ती नोंदवून घेते आणि तिच्याप्रमाणे हुकूमनामा करते. लढून मिळालेल्या हुकूमनाम्याइतकाच तो बंधनकारक असतो. शिवाय संहितेच्या कलम ९६(३) मुळे त्यावर अपील चालत नाही, म्हणून जिल्हा न्यायालय आणि मग उच्च न्यायालयाचे खंडपीठ ही वारी टळते.

पण अपील नाही याचा दुसरा अर्थ असा की चुकीचे लिहिले तर ते गळ्यात पडते. म्हणून या लेखात माझा आग्रह एकाच गोष्टीचा आहे. तडजोडीची पुरसिस, म्हणजे पक्षकारांनी कोर्टाला द्यायचा सह्यांचा लेखी कागद, अशी लिहा, की बैठकीला हजर नसलेल्या तीन माणसांना नुसत्या कागदावरून काम करता आले पाहिजे: तलाठी, भूमी अभिलेखचा भूकरमापक आणि कोर्टाचा बेलीफ. बाकी सगळे त्याच्या मागून येते.

सुरुवातीलाच एक धोक्याची सूचना. 'आपसात मिटले आहे, दावा चालवायचा नाही' एवढी दोन ओळींची पुरसिस देऊन दावा काढून घेऊ नका. अशाने दावा संपतो, पण हातात काहीच राहत नाही. समोरच्याने शब्द मोडला तर अंमलात आणायला हुकूमनामा नसतो, आणि कोर्टाची परवानगी न घेता दावा काढून घेतला असेल तर त्याच कारणावर नवा दावाही लावता येत नाही. 'ठरलेल्या अटींप्रमाणे हुकूमनामा व्हावा' हीच मागणी पुरसिशीत असली पाहिजे.

आधी दाव्यातली नावे तपासा

अटींवर बोलण्याआधी वकिलांकडून दाव्याची फाईल मागून घ्या आणि पहिल्या पानावरची नावे मोजा. मराठवाड्यात वाटणीचे दावे दहा-दहा, पंधरा-पंधरा वर्षे रेंगाळतात. तोवर एखादा प्रतिवादी वारलेला असतो आणि त्याचे वारस रेकॉर्डवर घ्यायचे राहून गेलेले असते. मयत माणसाच्या नावावर झालेला हुकूमनामा कागदापुरताच राहतो. वारस आधी रेकॉर्डवर आणा, मग तडजोडीकडे वळा.

बहिणींचा मुद्दा सगळ्यात नाजूक आणि सगळ्यात जास्त दुर्लक्षित. ९ सप्टेंबर २००५ पासून लागू झालेल्या दुरुस्तीने हिंदू एकत्र कुटुंबाच्या वडिलोपार्जित मिळकतीत मुलीला मुलाइतकाच हक्क दिला. वडील त्या तारखेला हयात असायलाच हवेत असे नाही, हेही सर्वोच्च न्यायालयाने ११ ऑगस्ट २०२० रोजी विनीता शर्मा प्रकरणात स्पष्ट केले. मुस्लिम कुटुंबात हिस्से वेगळ्या कायद्याने ठरतात, पण मुलींचा हिस्सा तिथेही असतोच. तरीही दोन भाऊ दावा मिटवतात, बहिणीला साडीचोळी करून पाठवतात आणि 'तिची सही नंतर घेऊ' म्हणतात. ती दाव्यात पक्षकार नसेल तर तो हुकूमनामा तिच्यावर बंधनकारक नाही. पाच वर्षांनी ती किंवा तिची मुले वाटणीचा दावा घेऊन आली, तर तुमची पक्की वाटणी पुन्हा उघडते. तिला आधी पक्षकार करा. हिस्सा घेणार असेल तर तो लिहा. सोडणार असेल तर ती स्वतः कोर्टात येऊन तसे सांगेल अशी व्यवस्था करा, आणि त्या बदल्यात रक्कम ठरली असेल तर ती आकड्यानिशी लिहा. तिला स्वतःचा वकील हवा असेल तर तो विधी सेवा समितीकडून मोफत मिळतो. स्त्रियांना त्यासाठी उत्पन्नाची अट नाही.

कुटुंबात अज्ञान मूल असेल, म्हणजे अठरा वर्षांखालील वारस असेल, तर आई किंवा चुलता नुसती सही करून त्याला बांधू शकत नाही. संहितेच्या आदेश ३२ नियम ७ प्रमाणे, ही तडजोड अज्ञानाच्या हिताची आहे असे शपथपत्र आणि वकिलाचा दाखला जोडून कोर्टाची वेगळी परवानगी घ्यावी लागते. परवानगी नसेल तर तो मुलगा किंवा मुलगी सज्ञान झाल्यावर तडजोड मोडून काढू शकते. मोठ्या कुटुंबात हा अर्ज हमखास विसरला जातो.

कोणी पुण्याला चाकणला कंपनीत आहे, कोणी ऊसतोडीला कर्नाटकात किंवा पश्चिम महाराष्ट्रात गेला आहे, म्हणून मुखत्यारपत्रावर काम भागवायचे असेल, तर त्यात 'दाव्यात तडजोड करण्याचा व तडजोडीवर सही करण्याचा अधिकार' असे शब्द स्पष्ट हवेत. जुने, सर्वसाधारण मुखत्यारपत्र चालेल असे गृहीत धरू नका. माझे मत विचाराल तर बीड, धाराशिवकडच्या कुटुंबांनी तारीखच अशी मागावी की साखर कारखान्यांचा पट्टा पडून, म्हणजे गाळप संपून, माणसे गावी आलेली असतील. मुखत्याराच्या सहीवर नंतर घेतलेल्या शंका निस्तरण्यापेक्षा दोन महिने थांबलेले बरे.

जमिनीची जात पाहा

तडजोड म्हणजे दोन पक्षकारांमधला करार. कायदा जे करू देत नाही ते कोर्टाच्या शिक्क्यानेही होत नाही. म्हणून ताजा सातबारा काढा, आठ-अ काढा आणि 'इतर हक्क' हा रकाना शेवटच्या ओळीपर्यंत वाचा.

भोगवटादार वर्ग-२, म्हणजे हस्तांतरणावर बंधन असलेली जमीन, असे दिसले की थांबा. आपल्याकडे निजामाच्या राज्याचा वारसा सातबाऱ्यावर अजून आहे. हैदराबाद कुळवहिवाट व शेतजमीन अधिनियम, १९५० च्या कलम ३८-ई खाली आजोबांना कूळ म्हणून मिळालेली जमीन असेल, तर कलम ५०-ब मुळे तिच्या हस्तांतरणावर बंधन असते. २०१४ च्या दुरुस्तीने, खरेदीला दहा वर्षे होऊन गेली असतील तर आकारणीच्या चाळीस पट रक्कम भरून काही अटींवर ती वाट मोकळी केली आहे. ते काम आधी तहसीलमध्ये उरका. देवस्थानाच्या किंवा मशिदीच्या सेवेसाठी दिलेली खिदमतमाश जमीन दोन वहिवाटदारांनी आपसात 'मालकीची' म्हणून वाटून घेतली, तरी ती मालकीची होत नाही. गायरानाचेही तेच. किनवटसारख्या आदिवासी भागात आदिवासीची जमीन तडजोडीच्या नावाखाली बिगर आदिवासीकडे नेता येत नाही. अशी कलमे पुरसिशीत घातली तर न्यायाधीश ती परत करतात. नजरचुकीने मंजूर झाली तर पुढे महसूल खाते अडवते.

तुकडेबंदीचा कायदाही आहेच. वाटणीतून प्रमाणभूत, म्हणजे कायद्याने ठरवलेल्या किमान, क्षेत्रापेक्षा लहान तुकडा पडत असेल तर फेरफार, म्हणजे सातबाऱ्यावरच्या बदलाची नोंद, अडतो. चार भावांत एक एकर बागायत विभागण्यापेक्षा एकाने जमीन घ्यावी आणि बाकीच्यांना पैसे द्यावेत, हा मार्ग कितीतरी वेळा सुटसुटीत ठरतो. तुमच्या तालुक्याला लागू असलेले प्रमाणभूत क्षेत्र तलाठ्याकडून समजून घ्या.

बँकेचा किंवा सोसायटीचा बोजा असेल तर लक्षात ठेवा की बँक तुमच्या तडजोडीत पक्षकार नाही. 'पीककर्ज थोरल्याने भरायचे' असे लिहिलेत तरी वसुलीसाठी बँक सगळ्यांच्याच दारात येऊ शकते. भावाभावांतल्या हिशोबासाठी ते कलम उपयोगी आहे, बँकेला थोपवायला नाही.

मोजणी आधी, सही नंतर

तालुक्याच्या उपअधीक्षक भूमी अभिलेख कार्यालयात मोजणीचा अर्ज द्या. मोजणीची 'क' प्रत, म्हणजे मोजणीचा नकाशा, हाती आली की ती पुरसिशीला जोडायची आणि तिच्यावर सगळ्यांच्या सह्या घ्यायच्या. खर्च आणि थोडा वेळ जातो हे खरे. पण नकाशा नसेल आणि पुरसिशीत नुसते 'प्रत्येकी अर्धा हिस्सा' लिहिले असेल, तर जमीन प्रत्यक्ष वाटायची राहते. मग संहितेच्या कलम ५४ प्रमाणे प्रकरण जिल्हाधिकाऱ्यांकडे, तिथून तहसीलला, तिथून भूमी अभिलेखला असे फिरत राहते. वाटणी तडजोडीने झाली असे तुम्ही गावात सांगत असता आणि बांध मात्र पडलेला नसतो.

मोजमापातला एक घोळ नेहमीचा आहे. बैठकीत सगळे एकर-गुंठ्यात बोलतात, सातबारा हेक्टर-आरमध्ये असतो. कोणीतरी घाईत चार एकरांचे '१ हेक्टर ६० आर' करून टाकतो. चार एकर म्हणजे जवळजवळ १ हेक्टर ६२ आर. ते दोन आर म्हणजे साधारण दोन गुंठे, आणि आपल्याकडे दोन गुंठ्यांवर डोकी फुटलेली आहेत. पुरसिशीत हेक्टर-आरच लिहा आणि आकडे अक्षरीही लिहा. जुन्या खासरापत्रकात किंवा पाहणीपत्रकात सर्व्हे नंबर असेल आणि आता गट नंबर असेल, तर दोन्ही द्या.

पुरसिस लिहिताना

इथे घाई करू नका. तालुका कोर्टात पुष्कळदा दिसणारी पुरसिस अशी असते:

'वादीस पूर्वेकडील भाग व प्रतिवादीस पश्चिमेकडील भाग देण्याचे ठरले. रस्ता पूर्वीप्रमाणे राहील. विहीर सामाईक. आता उभयतांत वाद नाही.'

वाचायला गोड, अंमलात आणायला अशक्य. पूर्वेकडचा किती? पूर्वी रस्ता बैलगाडीपुरता होता, आता ऊसाचा ट्रक न्यायचा आहे, मग 'पूर्वीप्रमाणे' म्हणजे किती रुंद? विहीर सामाईक आहे, पण मोटार कोणाची आणि मीटर कोणाच्या नावाचे? या पुरसिशीवर हुकूमनामा झाला, तर नवा दावा दोन पावसाळ्यांत तयार.

तीच गोष्ट अशी लिहिता येते:

'दावा मिळकतीपैकी सोबतच्या मोजणी नकाशात "अ" अक्षराने दाखवलेले १ हेक्टर ६२ आर (अक्षरी एक हेक्टर बासष्ट आर) क्षेत्र वादीच्या एकट्याच्या मालकीचे व ताब्यात राहील. "ब" अक्षराने दाखवलेले क्षेत्र प्रतिवादीच्या एकट्याच्या मालकीचे व ताब्यात राहील. दोन्ही क्षेत्रांच्या चतुःसीमा परिशिष्टात दिल्या आहेत.

'"ब" क्षेत्राच्या उत्तर बांधाला लागून, गावरस्त्यापासून "अ" क्षेत्रापर्यंत, नकाशात तांबड्या रेघेने दाखवलेला ४ मीटर रुंदीचा रस्ता बैलगाडी, ट्रॅक्टर-ट्रॉली, ऊसवाहतूक व पाईपलाईन यांसाठी वादी, त्याचे वारस व पुढील खरेदीदार यांना बारमाही खुला राहील. प्रतिवादी तो रस्ता नांगरणार नाही, त्यावर काटे किंवा दगड टाकणार नाही. या रस्त्याची नोंद दोन्ही सातबाऱ्यांच्या इतर हक्कात घेण्यास उभयतांची संमती आहे.'

'वारस व पुढील खरेदीदार' हे शब्द गाळू नका. भाऊ शब्द पाळतो. भावाकडून जमीन घेणारा पाळीलच असे नाही. 'पाईपलाईन' हा शब्दही तसाच. रस्ता मिळाला आणि खालून पाईप नेऊ दिला नाही, अशी भांडणे वेगळी उभी राहतात.

विहिरीचे कलम लिहिताना पाळीचा विचार विजेच्या वेळापत्रकाला धरून करा. शेतीला वीज काही दिवस दिवसा आणि काही दिवस रात्री मिळते. 'सोमवार ते बुधवार वादी, गुरुवार ते शनिवार प्रतिवादी' असे लिहिले की एकाच्या वाट्याला सतत रात्रीची पाळी येण्याची शक्यता असते. एक आठवडा याचा, एक आठवडा त्याचा, असे फिरते ठेवलेले बरे. गाळ काढण्याचा खर्च, मोटार जळाली तर कोणी भरायचे, मीटर कोणाच्या नावावर राहील, बिलाचा वाटा किती आणि कोणी थकवले तर काय, हे चार मुद्दे लिहिलेच पाहिजेत. उन्हाळ्यात पाणी खोल गेले आणि एकाने आडवे बोअर मारायचे म्हटले तर दुसऱ्याची संमती लागेल की नाही, तेही ठरवून टाका.

उभ्या पिकाचे वेगळे लिहा. तडजोड ऑक्टोबरात होते, सोयाबीन निघालेले असते, पण आंतरपिकातली तूर जानेवारीपर्यंत उभी राहते. 'पेरणी ज्याची, या हंगामाची रास त्याची. ताबा अमुक तारखेला' हे एक वाक्य पुरते. त्याच हंगामाचा पीकविमा किंवा अतिवृष्टीचे अनुदान जुन्या सातबाऱ्यावरच्या नावाने खात्यात जमा होईल, ते कोणाचे, हेही. आणि जमीन समृद्धी महामार्गासारख्या एखाद्या रस्त्याच्या किंवा कालव्याच्या आसपास असेल, तर पुढे येणारा मावेजा, म्हणजे भूसंपादनाची भरपाई, आणि वाढीव मावेजाच्या चालू प्रकरणातली रक्कम कशी वाटायची, याचे कलम घाला. जमिनीच्या वाटणीपेक्षा मावेजावरून जास्त भाऊ तुटलेले दिसतील.

पैशाच्या कलमात 'दिवाळीपर्यंत' किंवा 'माल विकल्यावर' असले शब्द नकोत. रक्कम, तारीख, बँक खात्यातून देणे आणि तारीख चुकली तर काय, असे चारही भाग हवेत. चुकल्यास ठरावीक दराने व्याज द्यावे, आणि पूर्ण रक्कम मिळेपर्यंत अमुक क्षेत्रावर तिचा बोजा राहावा, अशी अट घेणाऱ्याने मागावी. चेक दिला असेल तर 'चेक वटल्यावरच रक्कम पोचली असे समजावे' हे शब्द घाला.

एका पक्षाने पुढे खरेदीखत किंवा हक्कसोडपत्र करून द्यायचे असेल तर किती दिवसांत, खर्च कोणाचा, आणि न दिल्यास कोर्टामार्फत करून घेता येईल असे लिहा. आदेश २१ नियम ३४ खाली कोर्ट असा दस्त त्याच्या वतीने करून देऊ शकते.

शेवटी बाकीची प्रकरणे. तहसीलला रस्त्याचा अर्ज, प्रांताकडे फेरफाराचे अपील, पोलीस ठाण्यात एकमेकांवर गुन्हे, असे सहसा जोडीने चाललेले असते. महसुलातली प्रकरणे कोणी, किती दिवसांत काढून घ्यायची ते लिहा. फौजदारी प्रकरण दिवाणी तडजोडीने आपोआप संपत नाही. आपसात मिटवण्याजोगा गुन्हा असेल तर त्या कोर्टात वेगळा अर्ज द्यावा लागतो. नसेल तर उच्च न्यायालयाच्या खंडपीठात जावे लागते. 'फौजदारी प्रकरणही मिटले' असे पुरसिशीत लिहून कोणीही निर्धास्त होऊ नये.

नोंदणी आणि मुद्रांक

'कोर्टातून झाले म्हणजे रजिस्ट्री लागत नाही' हे अर्धेच खरे आहे. नोंदणी अधिनियम, १९०८ च्या कलम १७(२)(सहा) प्रमाणे कोर्टाच्या हुकूमनाम्याला नोंदणीतून सूट आहे, पण तडजोडीत दाव्याबाहेरची स्थावर मिळकत आली तर सूट नाही. दावा शेताचा, आणि तडजोडीत गावठाणातले घर किंवा शहरातला प्लॉटही वाटून घेतला, तर त्या घरापुरती किंवा प्लॉटपुरती नोंदणी लागते. संहिता दाव्याबाहेरच्या गोष्टी तडजोडीत घ्यायला परवानगी देते, पण नोंदणीचा कायदा त्याची किंमत मागतो. पक्षकारांचा मूळचा हक्क असलेली मिळकत असेल तर आधी दावा दुरुस्त करून ती दाव्यात घेणे हा सरळ उपाय.

आधीचा काही हक्क नसलेल्या माणसाला हुकूमनाम्याने पहिल्यांदाच मालकी मिळत असेल, तर दाव्यातली मिळकत असूनही नोंदणीचा प्रश्न येतो. सर्वोच्च न्यायालयाने १९९५ च्या भूपसिंग प्रकरणात हा फरक दाखवला. उलट, आधीपासूनचा हक्क नुसता मान्य केलेला असेल तर नोंदणी लागत नाही, हे २०२४ मध्ये मुकेश विरुद्ध मध्य प्रदेश या निकालात पुन्हा सांगितले गेले.

मुद्रांकाचा हिशोब वेगळा. महाराष्ट्र मुद्रांक अधिनियमात वाटणीचा अंतिम हुकूमनामा हा वाटणीचा दस्तच मानला जातो आणि मिळकत हस्तांतरित करणारा हुकूमनामा अभिहस्तांतरणात, म्हणजे मालकी दुसऱ्याला देण्याच्या दस्तात, मोडतो. म्हणजे मुद्रांक शुल्क वाचवण्यासाठी विक्री झाकून लुटूपुटूचा दावा लावायचा आणि पहिल्याच तारखेला 'तडजोड' करायची, हा धंदा टिकणारा नाही. शुल्क तर लागतेच, शिवाय न्यायाधीशांना संशय आला की दाव्याचेच मातेरे होते. असे सुचवणारा दलाल भेटला तर त्याला चहा पाजून वाटेला लावा.

नेहमीचे कोर्ट की लोकअदालत?

दोन्हीकडे होते. राष्ट्रीय लोकअदालत सहसा वर्षातून चार वेळा भरते. तिथला निवाडा विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ च्या कलम २१ प्रमाणे हुकूमनाम्यासारखाच असतो, अंतिम असतो, त्यावर अपील नाही, आणि भरलेली कोर्ट फी पूर्ण परत मिळते. नेहमीच्या कोर्टात पुरावा सुरू होण्याआधी तडजोड झाली तर महाराष्ट्र न्यायालय फी अधिनियमाच्या कलम ४३ खाली निम्मी फी परत मागता येते. त्यासाठीचा अर्ज एका वर्षाच्या आत करावा लागतो. पैशाच्या दाव्यात फी मोठी असते, तिथे लोकअदालत निश्चित फायद्याची.

पण लोकअदालतीच्या दिवशी गर्दी असते. बँकांची, वीजबिलांची, धनादेशांची शेकडो प्रकरणे असतात. तिथे बसून पहिल्यांदा कलमे लिहू नका. नकाशा, परिशिष्ट, टाईप केलेली पुरसिस असे सगळे आठ दिवस आधी तयार ठेवा, घरी दोनदा वाचा, मग पॅनलपुढे जा. अज्ञान वारस असेल किंवा मिळकती पुष्कळ असतील तर मी नेहमीचे कोर्टच सुचवीन. तिथे न्यायाधीशांना निवांत विचारता येते. बोलणेच अडले असेल तर संहितेच्या कलम ८९ खाली मध्यस्थी केंद्राकडे पाठवण्याची विनंती करा. तिथे बोललेले पुढे पुरावा म्हणून वापरता येत नाही, त्यामुळे माणसे मोकळी होतात.

कोर्टात हजर होण्याचा दिवस

सगळ्यांनी आधार कार्ड आणि एक-एक छायाप्रत घेऊन यावे. वकिलाची सही चालते असे काही निकाल आहेत, तरी प्रत्येक पानावर पक्षकाराची स्वतःची सही घ्या. अंगठा असेल तर कोणाचा, डावा की उजवा, आणि वाचून दाखवणाऱ्याचे नाव खाली लिहा.

पुरसिस दाखल झाली की न्यायाधीश एकेकाला पुढे बोलावतात. 'मजकूर वाचला का? समजला का? कोणाचा दबाव आहे का? जमीन किती मिळते आहे?' असे साधे प्रश्न असतात. म्हाताऱ्या आईला किंवा बहिणीला घरी कोणी पढवून ठेवू नये. तिला खरेच समजलेले असले की उत्तर आपोआप नीट येते. मग पुरसिशीला निशाणी क्रमांक, म्हणजे कोर्टाच्या फाईलमधला तिचा क्रमांक, पडतो, पडताळणीची नोंद होते आणि आदेश होतो. त्या आदेशात 'तडजोड पुरसिस हुकूमनाम्याचा भाग राहील' असे आले आहे का, आणि नकाशाचाही त्यात उल्लेख आहे का, हे तिथेच वकिलांना विचारा.

हुकूमनामा हातात आल्यावर

हुकूमनामा तयार झाला की नक्कल विभागात अर्ज करून प्रमाणित प्रती घ्या, प्रत्येक पक्षाला किमान दोन. घरी येऊन पुरसिशीशेजारी ठेवून ओळीने ताडून पाहा. गट नंबरातला एक आकडा चुकला तरी फेरफार अडतो. टंकलेखनाची चूक असेल तर संहितेच्या कलम १५२ खाली त्याच कोर्टात दुरुस्ती होते. लगेच करून घ्या, कारण कारकुनापासून वकिलापर्यंत सगळ्यांना प्रकरण आठवत असते.

मग प्रत तलाठ्याकडे, म्हणजे आताच्या ग्राम महसूल अधिकाऱ्याकडे द्या आणि पोच घ्या. फेरफार धरला जातो, हितसंबंधितांना नोटीस निघते, हरकतीसाठी पंधरा दिवस असतात आणि मंडळ अधिकारी नोंद मंजूर करतात. हरकत आली तरी घाबरू नका. कोर्टाच्या हुकूमनाम्याविरुद्ध महसूल खाते नवीन न्याय करीत बसत नाही. वेगळे सातबारे हवे असतील तर पोटहिस्स्याची मोजणी करून नकाशा दुरुस्त करून घ्या. रस्त्याची नोंद इतर हक्कात आली का, हे नवा सातबारा काढून स्वतः पाहा. ही नोंद राहून गेलेली पुष्कळदा आढळते, आणि पुढचा खरेदीदार तिच्यावरच बोट ठेवतो.

शब्द मोडला तर

समोरच्याने अट पाळली नाही तर नवा दावा नाही, दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज, दाखल करायची, आणि ती त्याच कोर्टात. ताबा किंवा पैसे मागायला बारा वर्षांची मुदत आहे. पण 'बांधावरची भिंत काढून घेईन' किंवा 'रस्त्यावरचे अतिक्रमण उठवीन' अशी काहीतरी करून देण्याची आज्ञा असेल तर मुदत तीनच वर्षांची आहे, हे फार थोड्यांना माहीत असते. कायमच्या मनाईला, म्हणजे 'रस्ता अडवणार नाही' अशा कलमाला, मुदत नाही. मनाई मोडणाऱ्यावर आदेश २१ नियम ३२ खाली जप्ती किंवा दिवाणी कैदेची मागणी करता येते.

आणि तडजोडच फसवणुकीने झाली असेल, सही दुसऱ्याच कागदावर म्हणून घेतली असेल, तर? अपील नाही, आणि आदेश २३ नियम ३-अ मुळे 'ती तडजोड बेकायदेशीर होती' म्हणून वेगळा दावाही नाही. ज्या कोर्टाने हुकूमनामा केला त्याच कोर्टात अर्ज द्यायचा, आणि कळल्याबरोबर द्यायचा. लोकअदालतीचा निवाडा असेल तर उच्च न्यायालयात रिट, तीही अगदी मोजक्या कारणांवर. अशा अर्जात पहिला प्रश्न येतो तो पडताळणीच्या दिवसाचा: न्यायाधीशांनी विचारले तेव्हा तुम्ही काय सांगितले होते? ते उत्तर रोजनाम्यात, म्हणजे कोर्टाच्या रोजच्या कामकाजाच्या नोंदीत, आणि निशाणीवर लिहिलेले असते.